हवालदाराची जागा

शनिवार, १० फेब्रुवारी २००७. सकाळी ६:१०. गॅरेज.

निळ्यांची उजवीकडची कंपनी दोन इंच पुढे सरकवत होतो, तेवढ्यात बाबा आत आले. हातात गाडीच्या काचेवरचा बर्फ खरवडायची पट्टी.

"गाडी बाहेर बर्फात, आणि खेळणी आत!" म्हणाले. "एकवीस वर्षांचा घोडा झालास."

वीस. एकवीस जूनमध्ये. पट्टी फ्रीझरवर आपटून गेले.

खेळ माझा नाहीच, दादाचा आहे. नागपूर सोडून या देशात, प्लेनोला आलो त्या पहिल्या उन्हाळ्यात त्याने कुणाच्या तरी गॅरेज सेलमधून पिंगपाँगचं टेबल उचलून आणलं आणि त्यावर दोनशे वर्षांपूर्वीची युरोपातली लढाई मांडली. त्याचे निळे शिपाई, माझे लाल. आता दादा इराकमध्ये आहे, या देशाच्या खऱ्या सैन्यात. मेलवर चाल कळवतो. मी त्याचे निळे सरकवतो, मग माझे लाल, मग फासा टाकतो आणि कोण पडलं ते त्याला कळवतो. पडलेला शिपाई उचलायचा नाही, पडला तिथेच आडवा ठेवायचा. हा दादाचा नियम.

निळ्यांच्या पलटणीत सहा कंपन्या, लालांच्या दहा. निळे तीन रांगांत उभे राहतात, लाल दोन. उजव्या टोकाला ग्रेनेडियर, म्हणजे उंच आणि जुने. डाव्या टोकाला हलकी कंपनी, चपळ पोरं. मध्ये साधे, आणि अगदी मध्यभागी निशाण. ठासणीची बंदूक नेम धरायच्या लायकीची नव्हतीच! शंभर पावलांवरचा माणूसही चुकायचा. म्हणून सगळ्यांनी एकदम झाडायची, म्हणून कोपराला कोपर लावून उभं राहायचं. धुरात आवाज पोचत नाही, म्हणून हुकूम ड्रमवर. शेजारचा पडला की निशाणाकडे सरकायचं. रांग आखूड होते, पण तिला भोक पडत नाही.

आणि सगळ्यांच्या मागे हवालदार. ते सहसा गोळी झाडत नाहीत. हातात भाला. कोणी मागे सरकला की त्याला पाठीत ढोसून परत जागेवर लोटायचं, एवढंच काम.

आमचे आजोबा हवालदार होते. महार रेजिमेंट. त्यांचे पणजोबा कंपनी सरकारच्या मुंबईच्या पलटणीत. आजोबा नागपूरला आम्हाला सांगायचे — गाव ज्याला सावलीत उभा करत नव्हतं, तो पलटणीत कोपराला कोपर लावून उभा राहिला. दादाने तेव्हाच विचारलं होतं, "ही कोपराला कोपर लावायची पद्धत मुळात काढली कोणी?" तिथून हे टेबल.

मला ही मांडणी आवडते. प्रत्येकाला जागा आहे.

मंगळवार, १३ फेब्रुवारी

दादाचा मेल. (तो इंग्रजी अक्षरांत मराठी लिहितो. इथे मी शुद्ध करून उतरवतो.)

"बारक्या, तुझी राखीव पलटण टेकडीमागे कधीची बसून आहे. डबा खातेय का? तू मुद्दाम हरतोयस. असं नको करू यार. नीट लढ."

कळलं त्याला! हो, मुद्दाम. फासा सहा पडला की मी परत टाकतो. तो तिकडे असताना त्याचे निळे आडवे करायला हात धजत नाही.

रविवार, ४ मार्च

मी काम करतो त्या दीपाकाकूंच्या दुकानात दिवसभर गल्ल्यावर. डाळी, फ्रोझन पराठे, फोन कार्डं. एका काकांनी माझ्याकडे बघत मेथीच्या जुड्या काउंटरवर ठेवल्या.

"तुझा ब्रदर आर्मीत गेला म्हणे? का रे? ॲडमिशन नाही मिळाली?"

"मिळाली होती. सेकंड इयरला होता."

"मग? आपल्यातलं कोणी जातं का आर्मीत?"

'आपल्यातलं' म्हणजे कोण, ते मला कळलं आणि त्यांनाही कळलं. दीपाकाकू मागून म्हणाल्या, "मेथी दोन डॉलर, काका. पिशवी देऊ की हातात नेता?"

ते गेल्यावर काकू म्हणाल्या, "तू बोलत का नाहीस रे काही?"

उत्तरं मला घरी आल्यावर सुचतात. आमच्यातलेच तर जातात! दिवाणखान्यात बाबासाहेबांच्या तसबिरीखाली आजोबांचा गणवेशातला फोटो आहे, त्याच्या शेजारी आता दादाचा. फ्रेम बाबांनी स्वतः निवडली. दादा भरतीची सही करून आला त्या दिवशी बाबा फोनवर नागपूरला सांगत होते — "जयभीम! ऐका, घरात परत पलटण आली!" आई स्वयंपाकघरात होती. तिने नळ मोठा सोडला.

मी काय केलं? मी अकरावीत शाळा सोडली. इंग्रजी समजायचं, तोंडातून निघायचं नाही. आता घरी बसून परीक्षा द्यायचं पुस्तक आणलंय. तिसऱ्या धड्यावर आहे. वर्षभर तिसऱ्याच धड्यावर आहे.

मंगळवार, २० मार्च

मी विचारलं होतं, तिकडे खरं चाललंय, मग हा खेळ नकोसा होत नाही का? दादा लिहितो —

"इथं कोणी रांगेत येत नाही, बारक्या. गणवेश नाही, निशाण नाही, ड्रम नाही. रस्त्याकडेला कचऱ्याची पिशवी दिसली तरी गाडी थांबते. तुझे लाल समोर शंभर पावलांवर उभे असतात, किती बरं वाटतं! ओर्तिझला दाखवलं सगळं. तो म्हणतो, तुझ्या भावाला सांग, ग्रेनेडियर सांभाळ."

ओर्तिझ म्हणजे त्याच्या शेजारच्या खाटेवरचा. एल पासोचा आहे. दादाला टॉर्टिया भाजायला शिकवतो आणि म्हणतो की तुमची चपाती म्हणजे आमचीच चोरलेली.

आजपासून नीट लढायचं ठरवलं. राखीव पलटण टेकडीवरून खाली आणली. सहा पडला. परत टाकला नाही. निळ्यांचे पाच आडवे.

गुरुवार, १२ एप्रिल

तीन महिने वाढवले! सगळ्यांचेच. काल टीव्हीवर सांगितलं. बारा महिन्यांचे पंधरा. दादा सप्टेंबरमध्ये येणार होता, तो आता डिसेंबरमध्ये.

बाबा जेवताना म्हणाले, "तीन महिने काय, बघता बघता जातील. नंतर सिटिझनशिप पक्की."

आई म्हणाली, "तुम्ही मोजा. माझ्यानं होत नाही."

आम्ही तिघं हल्ली टेबलाच्या एकाच बाजूला बसतो. ठरवून नाही. बाबा दादाच्या खुर्चीवर सरकले, मी बाबांच्या.

शनिवार, १९ मे

सोमवारपासून मेल नाही.

दादाने आधी सांगून ठेवलं आहे. त्यांच्यातला कोणी गेला की छावणीतले फोन आणि मेल बंद करतात. त्याच्या घरी आधी माणसं पोचली पाहिजेत, बातमी नाही. "तेव्हा बंद पडलं तर घाबरू नका."

म्हणजे बंद पडलं, याचा अर्थ कोणीतरी गेलंय. कोण ते कुठल्या तरी दाराची घंटा वाजेल तेव्हा कळेल. हे मी आईला सांगितलेलं नाही. बाबांना माहीत आहे. ते ऑफिसला जात नाहीत, खिडकीजवळ लॅपटॉप घेऊन बसतात. "वर्क फ्रॉम होम," म्हणतात.

रविवार, २० मे

नाही.

सोमवार, २१ मे

दुपारी घंटा वाजली. बाबा खुर्चीतून उठले आणि उठल्या जागी उभेच राहिले. दार मी उघडलं. लॉन कापणाऱ्या कंपनीचा माणूस, जाहिरातीचा कागद घेऊन. मी त्याला थँक यू म्हणालो. तीनदा.

बुधवार, २३ मे

टेबलाची वाट लागली आहे!

आई फ्रीझरमधून मटार काढायला गॅरेजमध्ये गेली होती. परत आली नाही म्हणून पाहायला गेलो. तिने टेबलावरचे सगळे आडवे शिपाई उभे केले होते. निळे, लाल, सगळे. ओढणीने पुसून, एकमेकांना चिकटवून, टेबलाच्या कडेने लांबच लांब. निळ्याशेजारी लाल. घोडेस्वार पायदळात.

"आई! अगं, हे काय केलंस?"

"इतके पोट्टे पाडून ठेवले तू. काऊन रे? येता-जाता पाहावत नाही मले."

नागपूरचं बोलणं तिच्या तोंडी फार दिवसांनी ऐकलं. हातात मटारची पिशवी, पाणी गळतंय.

प्रत्येक चालीनंतर कोण कुठे पडला ते मी कागदावर काढून ठेवतो. तासाभरात पुन्हा होतं तसं करता आलं असतं. कागद घेऊन उभा राहिलो. पहिला निळा उचलला, आडवा करायला. नाही झालं. परत ठेवला.

गुरुवार, २४ मे

मेल आला. आला! बाबा मोठ्याने वाचायला लागले आणि पहिल्याच ओळीनंतर लॅपटॉप माझ्याकडे सरकवला. पुढचं मी वाचलं.

दादा ठीक आहे. ओर्तिझ गेला.

फोन-मेल बंद ते ओर्तिझसाठी. म्हणजे आम्ही सुटलो, आणि एल पासोला घंटा वाजली. मला बरं वाटलं. ते लिहून ठेवतो, कारण दुसऱ्या कोणाला सांगता येणार नाही.

खाली चाल होती. "निळे मागे घे. सगळे. पाठ फिरवायची नाही. बंदुका भरलेल्या, दहा पावलं मागे, थांब. परत दहा पावलं मागे."

मी टेबल पुन्हा मांडलं. उभे केलेले उभेच ठेवले. आडवं कोणालाच केलं नाही, आणि दादाला ते कळवलं नाही. निळे मागे घेतले. आता पाळी माझी. नियमाप्रमाणे लालांनी पाठलाग करायला हवा, माघार घेणाऱ्यावर घोडदळ सोडायचं असतं. मी लिहून पाठवलं — "धूर फार आहे. लालांना काही दिसत नाही. लाल जागेवर."

उत्तर नाही. पण ते वेगळं. हे दादाचं गप्प राहणं आहे.

शुक्रवार, १३ जुलै

दादा आला! सुट्टीवर, दोन आठवडे. डॅलसच्या डी.एफ.डब्ल्यू. विमानतळावर अनोळखी म्हाताऱ्या बायका झेंडे घेऊन टाळ्या वाजवत होत्या. सगळे सुट्टीवाले एका ओळीत बाहेर आले. दादा भिंतीला धरून चालत होता. आईने त्याचा चेहरा हातात घेतला आणि सोडेना. मागचे लोक खोळंबले.

घरी येऊन पहिल्यांदा गॅरेजमध्ये गेला. टेबलाभोवती एक फेरी मारली.

"पडलेले कुठेत?"

"आईने उभे केले."

हसला. मग खाली बसला, टेबलाच्या पायाला टेकून.

शनिवार, २१ जुलै

सत्कार. बाबांनी आमच्या सोसायटीचं क्लबहाऊस घेतलं, पन्नास-साठ माणसं. बुद्धवंदना झाली. शाल, पुष्पगुच्छ. प्रतापकाका डॅलसहून आले होते. ते बाबांसोबत नागपूरला एका बाकावर होते. बोलायला उठले की बसत नाहीत.

"आपली परंपरा शौर्याची! पूर्वजांनी रांग सोडली नाही, आणि हा आपला प्रितम—"

टाळ्या. दादा शाल घेऊन बसलेला. बाहेर पार्किंगमध्ये कुणीतरी गाडीचं दार आपटलं. दादा खुर्चीवरून उठून टेबलाच्या पलीकडे, आईसमोर. एका क्षणात. आईला खाली दाबून. पुष्पगुच्छ तिच्या पायांवर.

मग प्रतापकाका म्हणाले, "बघा, ट्रेनिंग!" लोक हसले. बाबाही हसले. मी बाबांकडे पाहत होतो — ते हसत होते आणि हाताने खुर्चीची पाठ गच्च धरून होते.

गुरुवार, २६ जुलै

परवा जायचं आहे. विमान शनिवारी दुपारचं.

आज सकाळी नाश्त्याला दादा म्हणाला, "बाबा, मला परत जायचं नाही."

आई उभीच राहिली. बाबांनी चमचा खाली ठेवला.

"असं नसतं, प्रितम. असं म्हणता येत नाही."

"मी म्हटलं ना आता."

"पळून आलेल्याला हा देश काय करतो माहितीय? तुरुंग. सिटिझनशिप विसर. कुठे नोकरी नाही. आणि अण्णा?" अण्णा म्हणजे आजोबा. "अण्णांच्या फोटोकडे मी कसं पाहू?"

"अण्णांना घंटा वाजल्यावर घाम फुटायचा का, बाबा?"

लॉनवाला आला त्या दुपारची गोष्ट मी मेलमध्ये लिहिली होती. लिहायला नको होती.

संध्याकाळी मी गॅरेजमध्ये होतो. दादा आला, ग्रेनेडियर उचलून हातात फिरवत म्हणाला, "जाईन रे मी. उगाच बोललो. तू लिहायचास ना, शेजारचा पडला की सरकायचं. मी नाही गेलो तर माझ्या जागी कोणीतरी सरकेल. मला त्यांची सगळ्यांची नावं माहीत आहेत."

तो खेळ होता, म्हणालो. तो म्हणाला, "हो, खेळच."

शुक्रवार, २७ जुलै

दादाने बॅग भरली. सगळ्या घड्या नीट.

सकाळी दीपाकाकूंकडे जाऊन आलो. थोडं काम होतं.

जेवण झाल्यावर बाबांनी मला अंगणात बोलावलं. ऊन अजून भाजत होतं.

"उद्या गाडी तू घेऊन जा. त्याला आत सोडून ये."

"तुम्ही नाही येत?"

"मी आलो तर..." ते गाडीच्या छतावर हात ठेवून उभे राहिले, चटका बसला तरी काढला नाही. "तो दारात थांबला, तर मी त्याला पुढे ढकलू शकणार नाही. तू कर. तुझं ऐकतो तो. पाठीवर हात ठेव, आत जाईपर्यंत थांब. बस, एवढंच."

हो म्हणालो. बाबांना मी आजवर कधी नाही म्हटलेलं नाही.

म्हणजे मागच्या रांगेतली ती जागा. भालावाल्याची. अण्णांनी बाबांना दिली, बाबांनी आज मला. किती वेळा मी टेबलावर ते हवालदार मांडले, कंपनीच्या बरोबर मागे, सारख्या अंतरावर. एकदाही त्यांचं तोंड बघितलं नव्हतं. आज भिंग घेऊन बघितलं. तोंड रंगवलेलंच नाही. मीच राहू दिलं होतं, मागे कोणाला दिसतंय म्हणून.

शनिवार, २८ जुलै. दुपार. मोटेल, ओक्लाहोमा.

गाडीत बसताच दादा झोपला. दोन आठवड्यांत पहिल्यांदा असा झोपलेला पाहिला, तोंड उघडं टाकून. हायवे १२१ वर विमानतळाची पाटी आली. मी हायवे ३५ वर उत्तरेला वळलो.

ओक्लाहोमाच्या हद्दीवरची नदी ओलांडल्यावर जागा झाला. "बारक्या, हा एअरपोर्ट नाही."

"नाही."

"परत फिरव."

फिरवली नाही. मग म्हणाला, "मला विचारलंस का? एकदा तरी विचारलंस?" मी गाडी चालवत राहिलो. मोटेलमध्ये येऊन तो बाथरूममध्ये गेला आहे, नळ सोडून. विमान मघाशीच गेलं. तिकडे आता कोण सरकेल, त्याचं नाव मला माहीत नाही. त्याला माहीत आहे.

खर्च: पेट्रोल ३४ डॉलर. खोली ४२. दोन बर्गर, एक तसाच पडून आहे, ९.

देणं: दीपाकाकू, ४०० डॉलर. काल सकाळी मागून आणले, बाबांनी अंगणात बोलावलं त्याच्या आधी.
बाबांची गाडी.
आईला फोन.
दादाला — किती, याचा हिशोब अजून लावता येत नाही.